तेहतीस किलो

साबणाच्या कारखान्यात मुकादम असताना त्यांना लिहिता-वाचता येत नव्हतं, पण तोंडी हिशेबात त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. निदान ते स्वतः तसं समजत. पासष्टी उलटल्यावर ते प्रौढांच्या दुपारच्या वर्गाला जाऊ लागले. एके दिवशी बाईंनी फळ्यावर लिहिलं, ३क्ष + ३ = ३३.

"एका संख्येची तिप्पट केली, त्यात तीन मिळवले, तेहतीस झाले. मूळ संख्या कोणती?"

"आठ," मुकादम ताडकन म्हणाले. "तेहतिसाला तिनाने भागा, अकरा. त्यातून तीन गेले, आठ."

"आजोबा, गाडी फारच सुसाट निघाली! आता आठाची तिप्पट करून बघा."

"चोवीस. अन् तीन... सत्तावीस."

"मग? तीन शेवटी मिळवलेत ना, तर आधी तेच काढायचे. उरले तीस. भागाकार त्यानंतर. दहा."

वर्ग हसला. मुकादम हसले नाहीत. हाच हिशेब, याच आकड्यांचा, त्यांनी बावीस वर्षांपूर्वी केला होता.

तेव्हा साबण भरायचं काम त्यांच्या धाकट्या भावाकडे होतं. एकेक भरलेलं खोकं दहा किलोचं. तीन खोकी तीन किलोच्या लाकडी चौकटीत बसवून पत्र्याच्या पट्टीने आवळलेली, त्यामुळे सुटं वजन करायची सोय नव्हती. बाहेर ट्रकवाला हॉर्न बडवत होता. काट्याने तेहतीस दाखवले आणि मुकादमांनी चाळीस माणसांदेखत विचारलं, "खोक्यामागे दोन किलो कुठं जिरवलेस रे?"

"दादा, मी तोलून भरलंय."

"म्हणजे काटा खोटा?"

धाकट्याने एप्रन खुंटीला अडकवला आणि तो निघून गेला. मुकादमांनी गिऱ्हाइकाला सहा किलो साबण वरून दिला. गिऱ्हाईक कशाला तक्रार करतंय!

वर्गातून ते तडक भावाच्या घरी गेले. बाईंनी सोडवलेलं गणित उतरवलेली वही पुढे केली. भावाने ओळीवरून बोट फिरवलं, पुन्हा फिरवलं.

"म्हणजे दहाच होते."

"दहाच होते रे. चूक माझी."

"मला वाटायचं, माझीच नजर चुकली असेल. तुझा हिशेब चुकत नाही म्हणायचे ना सगळे. परत तराजूला हात लावला नाही मी. फाटकावर राखण करण्यात जन्म गेला."

मुकादमांना मान वर करवेना. "सांगशील त्याच्यासमोर कबूल करतो."

"कोणासमोर? कारखाना बंद पडून बारा वर्षं झाली. ते चाळीस जण आता कुठून गोळा करणार?"

मुकादम एकेकाचा चेहरा आठवू लागले. पाच आठवले, त्यातले तीन वारलेले.

"माझ्या पोरांना सांग," धाकटा म्हणाला. "त्यांनी ते चोरीचं बाहेरून ऐकलं होतं. मला कधी विचारलं नाही त्यांनी. येतील आता कामावरून."

मुकादम थांबले. दाराबाहेर पावलं वाजली, तसे ते भिंतीला धरून उभे राहिले.