दोनशे चाळीस चिठ्ठ्या

बाजारात त्यांना कुणी नावाने ओळखत नसे. वजनमापं तपासणारे हे निरीक्षक गल्लीच्या तोंडाशी दिसले, की 'पाच ग्रॅम आले, पाच ग्रॅम' अशी कुजबुज एका दुकानातून दुसऱ्या दुकानात पोचायची आणि दुकानदार घाईघाईने काटा पुसायला लागायचे. किलोमागे पाच ग्रॅम कमी भरले म्हणून त्यांनी एका म्हातारीच्या भाजीच्या गाडीवरची वजनं जप्त केली होती आणि दंडाच्या पावतीवर सुवाच्य अक्षरात कारण लिहून दिलं होतं. घरी येऊन हा पराक्रम त्यांनी बायकोला सांगितला. त्या दिवशी तिने ताट जरा आपटूनच वाढलं, पण स्वतःवर खूश असलेल्या माणसाला असले आवाज ऐकू येत नाहीत.

निवृत्त होऊन वर्ष झालं तरी खिशातलं शंभर ग्रॅमचं पितळी वजन काही सुटलं नव्हतं. खालच्या वाण्याकडे साखर घ्यायला गेले, की आधी ते वजन काट्यावर ठेवायचे, आकडा बघायचे, मान हलवायचे आणि मगच साखर. वाणी बिचारा वीस वर्षं हे हसतमुखाने सोसत होता. दात-ओठ खायचे ते तो गिऱ्हाईक गेल्यावर खात असे.

त्यांचा दुसरा अभिमान म्हणजे घरावरचं कर्ज. वीस वर्षांपूर्वी वीस लाख काढले होते, वीस वर्षांच्या बोलीने. हप्ता सोळा हजार सातशे एकोणतीस. दर महिन्याला पाच ग्रॅम पासबुक भरून आणायचे, चष्मा नाकावर सरकवायचे आणि त्या आकड्यावर बोट ठेवायचे. सोळा हजार सातशे एकोणतीस. कमी नाही, जास्त नाही. मधे एकदा सगळीकडे व्याज वाढलं, कचेरीतल्या लोकांचे हप्ते दीड-दोन हजारांनी वाढले, पण यांचा ढिम्म हलला नाही. 'आपल्या इच्छेनुसार हप्ता कायम ठेवण्यात आला आहे' असं बँकेचं पत्र आलं होतं. ते त्यांनी चौकटीत बसवून बैठकीच्या खोलीत टांगलं. लोक भिंतीवर वाडवडिलांना टांगतात, यांनी बँकेला टांगलं. त्यानंतर दरवर्षी बँकेकडून जाड पाकीट यायचं. ते न फोडता कपाटात जायचं, कारण आकडा यांना पाठ होता.

हप्ता जायचा मात्र बायकोच्या पगारातून. "तुझा पगार घराला, माझा घरखर्चाला," अशी वाटणी पाच ग्रॅमनी पहिल्याच दिवशी केली होती. ती लॉन्ड्रीत वाफेच्या इस्त्रीवर काम करायची. सकाळी नऊ ते संध्याकाळी सहा, उभ्याने. दुपारच्या अर्ध्या तासात बसायला मिळायचं, तेही कपड्यांच्या गाठोड्यावर. वीस वर्षांत लोकांचे सदरे कडक झाले आणि तिच्या पायांच्या शिरा दोरखंडाएवढ्या झाल्या. घोट्यापासून गुडघ्यापर्यंत घट्ट मोजे चढवल्याशिवाय तिला जिना उतरता येत नसे. डॉक्टरने दोन वर्षांपूर्वीच सांगितलं होतं, की आता उभ्याचं काम बंद करा. पाच ग्रॅम म्हणाले होते, "दोनशे चाळीस हप्ते होऊ देत, मग तू कायमची मोकळी."

दोनशे चाळीस. ह्या एका आकड्यावर बाईने दिवस काढले. लॉन्ड्रीत प्रत्येक कपड्याला नंबराची छोटी कापडी चिठ्ठी टाचतात. हप्ता गेला, की ती एक कोरी चिठ्ठी मालकिणीकडून मागून आणायची, शाईने हप्त्याचा नंबर घालायची आणि कपाटाच्या दाराआड टांगलेल्या दोऱ्यात ओवायची. पहिल्या चिठ्ठ्या पिवळ्या पडल्या होत्या. माळ आता दारापेक्षा लांब झाली होती आणि तिने ती दुहेरी केली होती. त्या सोमवारी तिने दोनशे चाळिसावी चिठ्ठी ओवली, दोऱ्याला गाठ मारली आणि ती चक्क रडली. तीन दिवस आधीच तिने लॉन्ड्रीच्या मालकिणीला सांगून काम सोडलं होतं.

त्याच संध्याकाळी पाच ग्रॅमनी घरी माणसं बोलावली होती. घर मोकळं झाल्याचा चहा. त्याआधी घराची कागदपत्रं कधी मिळतील हे विचारायला बँकेत तिने जावं असं ठरलं, कारण त्यांना खुर्च्या आणायच्या होत्या.

बँकेतल्या काउंटरवरची मुलगी तिच्या भाचीच्या वयाची होती. तिने नंबर घातला, पडद्याकडे पाहिलं आणि पुन्हा पाहिलं.

"काकू, कागदपत्रं आत्ता नाही मिळायची. अजून सदुसष्ट हप्ते आहेत."

"अगं, दुसऱ्या कुणाचं बघतेयस तू. आमचे दोनशे चाळीस झाले. मी मोजलेत."

"तुमचे दोनशे चाळीस झालेत, बरोबर आहे. पण अजून सदुसष्ट आहेत."

मुलगी भली होती. तिने पडदा वळवून दाखवला, मग एक जुना कागद छापून दिला. सतरा वर्षांपूर्वी व्याज आठ टक्क्यांचं साडेनऊ झालं, तेव्हा बँकेने विचारलं होतं. दोन चौकोन होते. एकात लिहिलं होतं, हप्ता वाढवा आणि मुदत तीच ठेवा. दुसऱ्यात, हप्ता तोच ठेवा आणि मुदत वाढवा. दुसऱ्या चौकोनात ठसठशीत खूण होती आणि खाली दोन सह्या होत्या. एक पाच ग्रॅमची. दुसरी तिचीच, त्यांनी बोट ठेवलं तिथे केलेली.

"पहिल्या चौकोनात खूण केली असती तर?"

"महिन्याला सतराशे चार जास्त भरावे लागले असते. आणि आज तुम्ही खरंच कागदपत्रं न्यायला आला असता."

"आणि आता एकूण किती जाणार?"

मुलीने कॅल्क्युलेटर ओढला. घेतले वीस लाख. आजवर भरले चाळीस लाख चौदा हजार नऊशे साठ. अजून नुसतं मुद्दलच बाकी साडेआठ लाखांच्या वर, त्यावरचं व्याज वेगळं. सगळं फिटेपर्यंत एक्कावन्न लाखांच्या पुढे. "व्याज वाढलं त्या महिन्यात तुमच्या हप्त्यातले चौदा हजार सातशे चव्वेचाळीस नुसत्या व्याजात गेले," ती हळूच म्हणाली. "कर्जात वळले एकोणीसशे पंच्याऐंशी."

म्हणजे तो अख्खा महिना ती इस्त्रीवर उभी होती, त्यातले साडेतीन दिवस घरासाठी आणि बाकीचे बँकेसाठी. महिन्याचे सतराशे वाचवले आणि अकरा लाख अंगावर घेतले. त्या वाचवलेल्या सतराशेचं काय केलं, हे दोघांपैकी कुणालाच सांगता आलं नसतं. तिला नवऱ्याचा राग आला, पण त्याच्या आधी स्वतःचा आला. गिऱ्हाइकाच्या कॉलरवरचा राईएवढा डाग दिसायचा तिला, आणि स्वतःची सही करताना वरच्या चार ओळी वाचल्या नव्हत्या.

बँकेतून ती लॉन्ड्रीत गेली. तिच्या इस्त्रीवर नवी बाई उभी होती, चुकीच्या पायावर भार देऊन. मालकीण म्हणाली, "काय हो, करमेना वाटतं? यायचं असेल तर या परत, मी दुसरी इस्त्री लावते." वाफेचा तो ओला वास, पायाखालची ती फरशी. हो म्हणायला एक श्वास पुरला असता. बाई दारातच उभी राहिली. मग म्हणाली, "नको. मला फक्त सदुसष्ट कोऱ्या चिठ्ठ्या द्या."

"एवढ्या कशाला?"

"घरी लागणार आहेत."

संध्याकाळी बैठक भरली. धाकटे दीर आणि जाऊबाई आले होते, कचेरीतले दोन जुने सहकारी होते, आणि खालचा वाणी होता. चहाचे कप फिरले आणि पाच ग्रॅमनी घसा खाकरला. सगळ्यांना कळलं, की आता कोळशाची वखार येणार. ही गोष्ट त्यांनी निदान शंभरदा सांगितली होती, आणि दर वेळी वखारवाला जास्त लबाड आणि ते जास्त हुशार होत असत.

"तक्रार आली," ते म्हणाले, "की वसतिगृहाला कोळसा कमी जातो. मी गेलो. वजनं तपासली. सगळी खरी. काटा खरा. माझा साहेब म्हणाला, चला परत. मी म्हटलं, थांबा. मी तिथे उभा राहिलो आणि मोजायला लागलो. पन्नास किलोची एकेक टाकणी काट्यावरून गाडीत पडतेय, आणि मोजणारा ओरडतोय, तीस, एकतीस. मग तो खोकला, आणि पुढचा आकडा एकदम तेहतीस. असा तीनदा खोकला. गाडीत भरल्या सदतीस टाकण्या आणि पैसे घेतले चाळिसांचे. वजन खरं, पण मोजणी खोटी. तेव्हापासून मी प्रत्येक नव्या पोराला सांगत आलो, नुसतं वजन बघणारा निरीक्षक नव्हे. टाकण्या किती पडल्या ते मोजायला शिका."

सहकाऱ्यांनी माना डोलावल्या. वाणी चहात बघत राहिला.

"आणि घराचंही तसंच," पाच ग्रॅम भिंतीवरच्या चौकटीकडे हात करून म्हणाले. "वीस वर्षं. जग इकडचं तिकडे झालं, पण हप्ता मी एका पैशाने वाढू दिला नाही."

"किती टाकण्या पडल्या?" बाईने विचारलं. ती दारात उभी होती.

"कसल्या?"

"हप्त्याच्या."

"दोनशे चाळीस. तूच ओवतेस की."

तिने बँकेचा कागद त्यांच्या मांडीवर ठेवला. त्यांनी चष्मा सरकवला, सवयीने आधी हप्त्याचा आकडा शोधला, सापडला तेव्हा समाधानाने मान हलवली. मग बोट खाली गेलं. मग ते तिथेच राहिलं.

"ही फसवणूक आहे," ते म्हणाले. "मी नोटीस काढतो. मी ह्यांना सोडणार नाही."

"फसवणूक कसली? खूण तुमची आहे. वजन खरंच होतं, दर महिन्याला तुम्हीच बघत होतात. मोजणी तुम्ही केली नाहीत."

दिरांनी कागद घेतला, वाचला आणि जाऊबाईंकडे दिला. कचेरीतल्या एकाला अचानक ठसका लागला. पाच ग्रॅमच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या होत्या. तरीही त्यांनी स्वतःला सावरलं. आयुष्यभर दुसऱ्याला दंड करणाऱ्या माणसाला स्वतःचा दंड दुसऱ्याच्या नावावर लिहायलाही फार वेळ लागत नाही.

"असो," ते म्हणाले. "घाबरण्यासारखं काही नाही. साडेपाच वर्षांचाच तर प्रश्न आहे. हिची मालकीण चांगली आहे, ती परत घेईल हिला. आत्तापर्यंत काढलीस तशी आणखी थोडी काढ."

जाऊबाई एवढंच म्हणाल्या, "भाऊजी, त्यांचे पाय बघितलेत का कधी?"

बाई आत गेली. कपाटाच्या दाराआडची माळ काढून आणली आणि चहाच्या कपांमधे टेबलावर ठेवली. दोनशे चाळीस चिठ्ठ्या, एका बाजूने पिवळ्या, दुसऱ्या बाजूने पांढऱ्या, टोकाला गाठ. तिच्या शेजारी तिने रबर लावलेला कोऱ्या चिठ्ठ्यांचा गठ्ठा ठेवला.

"माझ्या बोलीच्या दोनशे चाळीस," ती म्हणाली. "मोजून घ्या. ह्या सदुसष्ट तुमच्या."

"अगं, माझ्या पेन्शनमधून घरखर्च चालतो. हप्ता कुठून भरू?"

"मी कुठून भरला? कामाला जात होते."

"ह्या वयात मला काम कोण देणार?"

कुणीतरी बोलेल म्हणून ते एकेकाच्या तोंडाकडे बघत राहिले. दीर खिडकीबाहेर बघायला लागले. सहकाऱ्यांना घड्याळं आठवली. शेवटी वाण्याने कप खाली ठेवला, रुमालाने हळूच तोंड पुसलं.

"साहेब, माझ्याकडे काट्यावर माणूस हवाय. सकाळी नऊ ते संध्याकाळी सहा. वजनाला तुमच्याइतका चोख दुसरा कुणी मिळायचा नाही. पगारात हप्ता निघेल."

पाच ग्रॅमनी खिशात हात घालून पितळी वजन चाचपलं. मग त्यांनी पडलेल्या आवाजात विचारलं, "बसायला स्टूल असतं ना काट्याजवळ?"

वाण्याने उत्तर द्यायच्या आधी बाईकडे पाहिलं. भाड्याने आणलेल्या खुर्च्यांमधली एक रिकामी होती. ती त्या खुर्चीवर बसली, वाकली आणि सगळ्यांसमोर पायातले घट्ट मोजे खाली ओढायला लागली.