चौथा फाऊल

पद्मनाभच्या पत्राला मी अकरा वर्षं उत्तर दिलं नाही. ते हरवलं असतं तर निदान सबब मिळाली असती. पण ते माझ्या हातातल्या पुस्तकात खूण म्हणून असायचं. पुस्तक संपलं की पुढच्या पुस्तकात जायचं. असं करत करत ते पुण्याहून परदेशात मुलाच्या घरी, पासिर रिसच्या फ्लॅटमध्ये आलं.

पत्र तीन ओळींचं. "निश्या, सहासष्टच्या फायनलला मला पाच फाऊल झाले म्हणून बाहेर काढलं. माझे चारच होते असं मला अजून वाटतं. शीट तुझ्याकडे होती, खरं काय ते कळव."

पद्मनाभ आमच्या कॉलेजच्या बास्केटबॉल टीमचा कॅप्टन. मला खेळता येत नसे. मी टेबलाशी बसून स्कोअरशीट भरायचो. प्रत्येक खेळाडूच्या नावापुढे फाऊलच्या पाच चौकटी असतात. पाचवी भरली की तो बाहेर. त्या वर्षी फायनलपर्यंत आम्ही एकही मॅच हरलो नव्हतो. आणि फायनलला आमच्याच टीममधल्या प्रकाशचा एक फाऊल मी पद्मनाभच्या ओळीत लिहिला. पद्मनाभ मान खाली घालून बाहेर निघाला तेव्हाच चूक माझ्या लक्षात आली होती. शेजारी प्राचार्य बसले होते. मी तोंड उघडलं, पण आवाज फुटला नाही. आम्ही दोन गुणांनी हरलो.

हे मी कुणालाच सांगितलं नव्हतं. म्हणूनच २०१४च्या जानेवारीत मी जे बोलून गेलो त्याचं मला स्वतःलाच नवल वाटलं. नात जाई जेवताना कुरकुरत होती. युनिव्हर्सिटीतल्या कॉलेजांची लीग सुरू होणार होती, ती तिच्या टीमची कॅप्टन. टेबलाशी बसायला प्रत्येक टीमनं एक माणूस द्यायचा, आणि यांच्याकडे कुणी नव्हतं.

"मला शीट भरता येते," मी म्हणालो.

"आबा, तुम्ही? डोन्ट जोक लह!" ती इथल्या बोलीत म्हणाली.

पुढच्या शनिवारी मी टेबलाशी होतो. नऊ मॅच झाल्या, नऊही त्यांनी जिंकल्या. मुली मला 'शीट अंकल' म्हणू लागल्या. खेळ सुरू होण्याआधी त्या रांगेनं येऊन माझ्या पेनाला बोट लावायच्या. मी संकोचून शीटकडे बघत राहायचो.

दहावी मॅच फायनल. शेवटची तीन मिनिटं, आमचा एक गुण जास्त. समोरच्या टीमची बारा नंबर एकटीच आम्हाला भारी पडत होती. तिनं जाईचा हात अडवला, शिटी वाजली. रेफरीनं बोटांनी बारा दाखवले. मी तिच्या ओळीतली पाचवी चौकट भरली आणि तसं सांगितलं. आमच्या मुलींनी एकच कल्ला केला. बारा नंबर तोंडावर टॉवेल धरून बाकाकडे निघाली.

माझी नजर तिच्या ओळीवरून मागे गेली. चौथी चौकट. दुसऱ्या क्वार्टरचा फाऊल. तेव्हा जाई जोरात पडली होती, आणि लिहिता लिहिता मी मान वर करून तिच्याकडे पाहिलं होतं. तिला पाडलं होतं तेरा नंबरनं. तेराची ओळ बाराच्या बरोबर खाली.

शेजारी घड्याळ सांभाळणारी हुई मिन समोरच्या टीमच्या कॉलेजची. तिचे डोळे भरले होते, पण तिनं शीटकडे पाहिलं नाही. माझ्यावर तिचा भरवसा होता. रेफरीनं चेंडू हातात घेतला. खेळ सुरू व्हायला काही क्षण उरले होते. मी तोंड उघडलं. सहासष्टसारखाच आवाज फुटला नाही. मला वाटलं, आपण असेच आहोत, आता काय बदलणार.

मग मी हुई मिनच्या पुढ्यातून हात घातला आणि खेळ थांबवायचा तिचा भोंगा दाबला.

रेफरी टेबलाशी आला. "अंकल, व्हॉट हॅपन्ड?"

मी चौकटीवर बोट ठेवलं. शब्द आले ते तुटके. "दिस वन... थर्टीन. नॉट ट्वेल्व्ह. माय मिस्टेक."

"शुअर ऑर नॉट?"

"शुअर."

त्यानं आठवून मान डोलावली. "यस, आय कॉल्ड थर्टीन." बारा नंबर टॉवेल टाकून धावत परत आली. जाईनं माझ्याकडे पाहिलं. मग ती आपल्या जागेवर जाऊन उभी राहिली.

पुढचे गुण मी प्रत्येक ओळ दोनदा बघून लिहिले. एकदा ते पुढे, एकदा आम्ही. अकरा सेकंद उरले असताना बारा नंबरनं दोन गुण केले. जाईनं शेवटचा चेंडू टाकला; तो रिंगवर फिरला आणि बाहेर पडला. एका गुणानं हरलो. तो निकालही मलाच लिहावा लागला.

घरी जाताना एमआरटीत, म्हणजे इथल्या मेट्रोत, जाई शेजारी बसली, कानात इयरफोन घालून. तंपिनीस स्टेशन गेल्यावर तिनं ते काढले.

"आबा, सेकंड क्वार्टरला तुम्ही शीटकडे बघायचं होतं. माझ्याकडे नाही."

"हो. चुकलंच माझं."

"थ्री मिनिट्स लेफ्ट असताना भोंगा! मला वाटलं तुम्हाला हार्ट अटॅक आला."

"मलाही तसंच वाटलं."

ती हसली नाही. पासिर रिस आल्यावर उठता उठता म्हणाली, "नेक्स्ट सीझनला पण तुम्हीच बसा. पण मी पडले तर बघायचं नाही, ओके?"

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पुस्तकातून पत्र काढलं. अकरा वर्षांत मनात मोठमोठी उत्तरं जुळवली होती. त्यातलं एकही कामाचं नव्हतं. लिहिलं ते एवढंच:

"पद्मनाभ, तुझे चारच होते. तुझ्या ओळीत लिहिलेला चौथा फाऊल प्रकाशचा. ओळ मी चुकलो, आणि तू बाहेर जात होतास तेव्हाच मला ते कळलं होतं. तरी मी गप्प बसलो. निशिकांत."

पत्ता जुनाच होता. तो तिथे राहतो का, मुळात आहे का, मला ठाऊक नव्हतं. आधी चौकशी करावी, मग पाठवावं, असं नेहमीसारखं मनात आलं. तोवर मी स्टेशनजवळच्या टपालपेटीपर्यंत पोचलो होतो. पाकीट आत सरकवलं आणि ते तळाशी पडल्याचा आवाज येईपर्यंत तिथेच उभा राहिलो.