जैनबबीचं तीन वर्षांचं पोरगं

आमच्या नरसीतल्या जैनबबीचा एकुलता एक लेक कय्युम दर्यापार बसऱ्याला गेला, त्याला लई वर्सं झाली. तिथं गोदीवर कामाला लागला, तिथंच लगीन केलं, पोरगी झाली. हिकडं जैनबबी रोज एक भाकर दुरडीत झाकून ठेवायची. म्हणायची, "असू दे. आला म्हंजे भुकेला असंल." मी शेजारी. शिळी झाली की भाकर मला मिळायची, म्हणून मी काय बोलत नव्हतो.

एक दिवस म्हणली, "संतराम, म्या जाते बसऱ्याला. नातीचं तोंड पाहिल्याबगर मरायची न्हाई."

गेलो दोघं हिंगोलीच्या कचेरीत, पासपोर्ट काढायला. मुन्शीनं पान चघळत इचारलं, "पैदाइश कवाची?"

"मोठ्या दुकाळातली."

त्यानं लिहून घेतलं. आता जैनबबीचा मोठा दुकाळ म्हंजे तिच्या मायनं चिंचेचा पाला उकडून खाल्ला, तो. मुन्शीचा मोठा दुकाळ म्हंजे त्याच्या लग्नात जिलेबी झाली न्हाई, तो. पासपोर्ट आला तवा जैनबबी अठराची, अन् तिचा लेक तिशीचा!

"मुन्शीजी, माय लेकापेक्षा लहान कशी?" मी म्हणलं.

"मोहर बसली. आता कागद चुकतो व्हय?"

"मंग हे पाहा!" जैनबबीनं तोंड उघडून राहिलेला एक दात दाखवला.

मुन्शीनं वाकून पाहिलं. "अठराव्या वर्षीच दात गेले? हकीमाला दाखवा, बाई."

खेटे घालून घालून चपला झिजल्या. शेवटी मुन्शीच वैतागला अन् तारीख दुरुस्त केली. पन कय्युमची! माय अठराची, तर लेक तीनाचा. हिशेब बराबर. बसऱ्यालाबी तसं कळवून टाकलं.

जैनबबीनं गठुडं बांधलं. नातीला कुंची शिवली, गूळ घेतला. ती निघायच्या आधीच कय्युम हिंगोली टेसनात उतरला. ही भली दाढी, अन् मागं शिपाई.

"तीन वर्षांचं लेकरू परदेशात एकलं सापडलं, मायकडं पोचतं केलं," शिपाई दारात येऊन म्हणला. "अंगठा करा, बाई. वाटंत लई बिड्या मागून राहिलं हे लेकरू!"

त्या दिशी भाकर गरम खाल्ली गेली. मला मिळाली न्हाई.

पन कय्युम अर्धी भाकर मोडून बाजूला ठेवायचा. रोज.

"कुणासाठी रे?" जैनबबीनं इचारलं.

"आदत हाय, मा. पोरगी मांडीवर येऊन खाते."

 सकाळी जैनबबी माझ्या दारात. "ऊठ संतराम, कचेरीत चाल."

"आता काहून, मावशी? पोरगा तर आला."

"त्याला मोठं करायचंय."

मुन्शीनं कपाळाला हात लावला. "तो तिशीचा झाला, तर अठराच्या तुमी त्याची माय राहत न्हाई. मंग बसऱ्याला जायचं इसरा."

"इसरले," जैनबबी म्हणली. "तिकडं लेकरू वाट पाहून राहिलं. करा त्याला तिशीचा."

कय्युम गेला. कुंची अन् गूळ घेऊन गेला.

दुसऱ्या दिशी मी दुरडी उघडली. भाकरी दोन होत्या. एक लहान, तळहाताएवढी.

मी दुरडी तशीच झाकून ठेवली.