कवडू चार अंक जेवला नाही

मित्रांनो, मी एक जुनी लेडीज सायकल आहे. माझा रंग काळा होता. आता कुठला आहे ते विचारू नका. नागपुरात महालातल्या एका शाळेच्या मागे, मोडक्या बाकांच्या शेजारी, मी भिंतीला टेकून उभी असते. मुलं जाता-येता माझी घंटी वाजवून बघतात. ती वाजत नाही, हे सगळ्यांना माहीत आहे. तरी बघतात.

१९६२ साली प्रमोदिनी पांढरीपांडे यांनी मला सीताबर्डीच्या दुकानातून घरी नेलं. मी त्यांना बाईच म्हणते. त्या मुलींच्या शाळेत इतिहास शिकवत आणि मुलांसाठी जुन्या काळाच्या कादंबऱ्या लिहीत. त्यांच्या पुस्तकांत राजे दोन ओळींपुरते येऊन जात. पानंच्या पानं मिळत ती निरोप पोचवणाऱ्या, घोड्याला पाणी दाखवणाऱ्या, किल्ल्यावर चुना वाहणाऱ्या पोरांना. राजाबद्दल लिहायला पुष्कळ लोक आहेत, असं बाई म्हणत.

घरी बसून वाटा लिहायच्या म्हणजे उंटावरून शेळ्या हाकणं, हेही त्यांचंच म्हणणं. म्हणून रविवारी आमची स्वारी निघे. बाईंचे यजमान मार्तंडराव सरकारी कचेरीत नकाशे काढत. त्यांनी माझ्या पुढच्या चाकाच्या एका तारेला लाल चिंधी बांधली होती. चाक एकदा फिरलं की चिंधी दांड्याला लागून टप् वाजे. बाई पायडल मारत आणि मार्तंडराव आपल्या सायकलवरून शेजारी चालत टप् टप् मोजत. साडेसातशेच्या वर आकडा गेला की एक मैल. वाडीपर्यंत, कळमेश्वरपर्यंत, एकदा उमरेडच्या निम्म्या वाटेपर्यंत आम्ही असं मोजत गेलो. एक बाई सायकल चालवते आहे आणि एक गृहस्थ शेजारून पुटपुटत चालला आहे, हे पाहून लोक हसत. हसण्यासारखंच होतं ते.

घरी आल्यावर मार्तंडराव कागदावर वाट काढत आणि बाईंनी लिहिलेलं वाचत. मग शांतपणे सांगत, “हा पोरगा तुझ्या घाईनं पोचायचा नाही. त्याला एक मुक्काम दे.” बाई थोडं भांडत आणि मुक्काम देत. त्यामुळे त्यांच्या पुस्तकांतल्या पोरांच्या पायांत काटे मोडत, त्यांना ताप येई, ती वाट चुकत. ओसरीत खिडकीखाली माझी जागा होती आणि खिडकीच्या आत बाईंचं टेबल, म्हणून हे सगळं मला ठाऊक आहे.

१९७३च्या दिवाळीआधी एका मुलांच्या मासिकात बाईंची नवी कादंबरी दर महिन्याला एक प्रकरण अशी येऊ लागली. तिचा नायक कवडू, बारा वर्षांचा. बाप निरोप्या, तो आजारी पडलेला. बापाऐवजी कवडू चिमूरकडून निरोपाची थैली घेऊन नागपूरला निघतो, अशी गोष्ट. दोन प्रकरणं छापून झाली आणि नोव्हेंबरातल्या एका दुपारी मार्तंडराव कचेरीतच गेले. नकाशावर मान टेकली ती उचललीच नाही. संध्याकाळी शिपायानं त्यांची सायकल हातानं ढकलत आणली आणि माझ्या शेजारी लावली. पुढे ती कुणाला तरी देऊन टाकली. तिची जागा बरेच दिवस रिकामी दिसत राहिली.

बाई रडल्या नाहीत. बाराव्या दिवसानंतर शाळेत गेल्या. मासिकाचं प्रकरण दर दहा तारखेला पाठवायचं असे, ते दर दहा तारखेला गेलं. मार्तंडरावांची थोरली बहीण यमुताई सोबतीला येऊन राहिली होती. ती ताट वाढी, बाई ताटातलं संपवत. काय खाल्लं विचारलं असतं तर सांगता आलं नसतं. सगळे म्हणत, बाई धीराच्या. मित्रांनो, मी पाच महिने खिडकीखाली उभी होते. धीर वगैरे काही नव्हता. तिथे काहीच नव्हतं.

आमचे रविवार बंद झाले. मोजायला कोणी नव्हतं, म्हणून बाई वाट मनानंच लिहू लागल्या. कवडू धावत सुटला. नदी आली, ओलांडली. जंगल आलं, मागे पडलं. मासिकाचे संपादक खूश झाले, गोष्टीला वेग आला म्हणाले. एप्रिलच्या सुरुवातीला बाईंनी शेवटचं प्रकरण लिहिलं. त्यात कवडू नागपूरच्या वेशीशी पोचतो, थैली देतो आणि तिथेच मरून पडतो. ते यमुताईला वाचून दाखवलं तेव्हा बाईंचा आवाज किराणा सामानाची यादी वाचावी तसा होता. यमुताई म्हणाली, पोराला मारू नकोस गं. बाई म्हणाल्या, यानंतर मी लिहिणार नाही, कुठेतरी संपवायला हवंच. पाकीट तयार झालं. मला फार वाईट वाटलं. एक कवडूचं आणि एक बाईंचं. कारण लिहिणं सोडलं तर त्यांच्याकडे दुसरं काही उरलं नव्हतं.

पाकीट टाकायच्या आधी मासिकाच्या कचेरीतून वाचकांची पत्रं आली. बाई ती उघडत नसत. यमुताईनं ओसरीत बसून एक पोस्टकार्ड मोठ्यानं वाचलं. ते उमरेडच्या सहावीतल्या गोपिकेचं होतं.

“कवडू चार अंकांपासून जेवला नाही. मी सगळे अंक परत पाहिले. तो झोपला पण नाही. आता तो उमरेडजवळ आला आहे. आमचं घर जुन्या वाटेवरच आहे. त्याले आमच्या घरी थांबवा. माय म्हणते भाकर आहे.”

बाईंनी चारही अंक काढले. ओळींवरून बोट फिरवत त्या तासभर शोधत होत्या. शेवटी अंक मांडीवर ठेवून म्हणाल्या, “खरं आहे. चार अंक पळतोय पोरगा आणि मी त्याला घासभर घातलं नाही.”

त्यांच्या गोष्टीत अशी चूक कधी झाली नव्हती. इतिहासाच्या बाईंना चूक सहन होत नाही. पाकीट कपाटात गेलं आणि रविवारी उमरेडला जायला मी एस.टी.च्या टपावर चढले.

गोपिकेचं घर विणकरांचं. पुढच्या खोलीत माग, मागच्या खोलीत चूल. दार उघडं होतं, म्हणून मला आतलं दिसत होतं. बाईंनी वही काढली आणि गोपिकेच्या आईला, रुखमाबाईला, विचारू लागल्या. पूर्वी या घरात वाटसरू आला तर काय वाढत असतील? निजायला कुठे देत असतील? रुखमाबाईनं वही बाजूला सरकवली.

“लिहिणं मंग, बाई. पहिले जेवून घ्या. किती दिवसाच्या उपाशी आहा, ते मले दिसून राहिलं.”

ज्वारीची भाकर आणि वांग्याची भाजी. बाई नेहमीसारख्या यंत्रागत खाऊ लागल्या. दुसऱ्या घासाला थांबल्या. “भाजी तिखट आहे हो,” म्हणाल्या. पाहुण्यानं असं म्हणू नये, पण मी मनातल्या मनात हँडलसकट नाचले. पाच महिन्यांत पहिल्यांदा बाईंच्या जिभेला काहीतरी लागलं होतं. त्या पाणी प्यायल्या, त्यांनी आणखी अर्धी भाकर मागून घेतली, आणि तिथे परक्या घरात, ताटावर बसून, त्या रडू लागल्या. रुखमाबाईनं उगी म्हटलं नाही. ती पाठीवर हात ठेवून बसून राहिली.

निघताना गोपिकेनं विचारलं, “कवडू पोचन ना, बाई?”

“पोचेल. पण उशिरा पोचेल,” बाई म्हणाल्या. “आधी झोपू दे त्याला.”

पुढचं प्रकरण त्यांनी तसंच लिहिलं. कवडू विणकराच्या घरी जेवतो आणि दुसऱ्या दिवशी ऊन वर येईपर्यंत झोपतो. बाकी काही नाही. संपादकांनी कळवलं की या प्रकरणात काहीच घडत नाही. बाईंनी उत्तर पाठवलं, आहे तसंच छापा. कवडू नागपूरला पोचला तो दोन दिवस उशिरा, त्याबद्दल बोलणी खाल्ली आणि जिवंत घरी गेला.

त्यानंतर बाई पूर्वीसारख्या हसू लागल्या, असं मी सांगणार नाही. तसं झालं नाही. पण त्यांनी आणखी सहा पुस्तकं लिहिली. त्यांतली सगळी पोरं वेळेवर जेवतात. १९८४ मध्ये त्यांचे गुडघे थकले आणि त्यांनी मला शाळेला दिलं. इथे कुणाला माझी गरज पडली नाही. माझी साखळी गंजली, टायर मुलांनी काढून नेले. तुमच्या घरी माझ्यासारखी कुणी असेल तर तिला अधूनमधून तेल घाला, एवढं सांगते.

आणि मित्रांनो, दुसरंही सांगते. पुस्तक वाचताना त्यातला एखादा पोरगा पानामागून पान उपाशी धावताना दिसला, तर पुढे वाचू नका. एक पोस्टकार्ड घ्या आणि लिहिणाऱ्याला विचारा, तुम्ही जेवलात का?