ब्रेक दाबायला माणूस

बिडकीनच्या आसपास कुणी वारलं की बिभीषणचा फोन वाजतो. एरवी वाजत नाही. बायको रत्नमाला जाऊन सहा वर्षं झाली. मुलगी सिल्लोडला दिलेली, ती सणासुदीला बोलते. बाकी वेळी खिशात मोबाइल थरथरला की समजायचं, कुणाच्या तरी दारात माणसं जमलीत.

गाडी तात्यासाहेबांची. कारखान्यांसाठी जमिनी गेल्या आणि हातात पैसा आला, तेव्हा त्यांनी आईच्या नावानं एक शववाहिका घेऊन गावाला दिली. दोन्ही अंगांना ठळक अक्षरांत लिहून घेतलं, ‘कै. भागूबाई यांच्या स्मरणार्थ’. तेव्हापासून तिला कुणी शववाहिका म्हणालं नाही. “भागूबाई निघाली का?” असंच विचारतात. आधी ट्रकवर असलेला बिभीषण अकरा वर्षं भागूबाई चालवत होता. मागं मयताजवळ घरची माणसं बसत. पुढं त्याच्या शेजारी कुणी बसत नसे. रिकामी गाडी परत येताना वाटेत ओळखीचं माणूस दिसलं आणि त्यानं वेग कमी केला, की ते माणूस रस्ता सोडून बांधाकडं बघायला लागे. सुरुवातीला त्याला राग यायचा. पुढं त्यानं वेग कमी करणंच सोडलं.

तात्यासाहेब आता थकले होते. सगळा कारभार नातवाकडं, सत्यमकडं होता, आणि सत्यम शहरात राहत होता. आठ दिवसांपूर्वी तो फोनवर म्हणाला, “मामा, गाडीची आरटीओची पासिंग संपतीय. तारीख घेतलीय. एका खेपेत झाली तर झाली. नाय झाली तर मी परत कागदं करीत बसणार नाय, सरळ भंगारात देऊ. आता दवाखान्याच्या गाड्या मिळतात की.”

“होईल की. न व्हायला काय झालं?” बिभीषण म्हणाला.

पण फोन ठेवल्यावर त्याला जेवण गेलं नाही. गाडी गेली तर आपल्याला कोण कशाला फोन करील, हे त्यानं मनात सगळ्या बाजूंनी फिरवून पाहिलं.

मग तो कामाला लागला. गाडीला रंगाचा हात दिला, लाल-पिवळ्या चमकत्या पट्ट्या चिकटवल्या, दिवे तपासले. पेट्रोल पंपावर पीयूसी काढली. तिथल्या माणसानं सायलेन्सरात नळी घातली ती लांब हात करून, तोंड दुसरीकडं फिरवून. पण धूर पास झाला. मागच्या डाव्या चाकाच्या ब्रेकमधून तेल झिरपत होतं, तिथलं रबर त्यानं स्वतःच बदललं.

रबर बदललं की ब्रेकच्या नळीत हवा शिरते. ती काढायला दोन माणसं लागतात. एकानं आत बसून ब्रेक दाबायचा, दुसऱ्यानं खाली चाकापाशी स्क्रू सैल करून हवा सोडायची आणि पाय उचलायच्या आत स्क्रू आवळायचा. शेजारच्या दोघांना त्यानं विचारलं. एकाला शेतात जायचं होतं. दुसऱ्याच्या घरात लग्न होतं, त्यामुळं त्याला तर विचारायलाच नको होतं. शेवटी बिभीषणनं ब्रेकवर वीट ठेवली, खाली गेला, स्क्रू सोडला, आवळला, परत वर आला. असं दुपारभर केलं. पाय टेकवला की ब्रेक बरा लागत होता.

पासिंगच्या दिवशी तो करोडीला, आरटीओच्या तपासणी ट्रॅकवर पोचला तेव्हा सव्वादहा झाले होते. माळावर गाड्यांची रांग लागलेली. रिक्षा, टेम्पो, शाळेच्या व्हॅन. भागूबाई रांगेत शिरली तशी पुढची रिक्षा चार हात पुढं सरकली आणि मागची व्हॅन तिथंच थांबली. भर रांगेत तिच्याभोवती मोकळं अंगण झालं.

“चचा,” पुढचा रिक्षावाला मान बाहेर काढून म्हणाला, “आज तो हमारा पासिंग है यार, तुम कायकू आए?”

“माझी बी पासिंगच हाय.”

“इसकी भी होती क्या? अंदरवाला कंप्लेंट करता क्या?”

आजूबाजूचे हसले. बिभीषणही हसला. कुणी आपल्याशी थट्टेनं का होईना चार शब्द बोललं, याचं त्याला बरं वाटलं.

नंबर आला. तपासायला मेघा मॅडम होत्या, तिशीतल्या, डोक्याला रुमाल बांधलेल्या, हातात मोबाइल. त्यांनी चारी बाजूंनी फोटो काढले, चासी नंबर पाहिला, वायपर चालवून पाहिला, हॉर्न वाजवायला लावला. डावीकडचं दार उघडून सीटबेल्ट ओढला. तो कोरा करकरीत निघाला.

“हा नवीन टाकला का?”

“नाय मॅडम, कंपनीचाच हाय. तिकडं कुणी बसत नाय.”

मॅडमनी त्याच्याकडं एकदा पाहिलं आणि मोबाइलवर काहीतरी दाबलं. “चला, ब्रेक दाखवा. तीसचा स्पीड घ्या आणि पांढऱ्या पट्टीवर थांबवा.”

बिभीषणनं गाडी पळवली, पट्टीवर ब्रेक मारला. गाडी थांबली, पण उजवीकडं फरफटत. दुसऱ्यांदाही तेच.

“मागचं डावं चाक धरतच नाहीये,” मॅडम म्हणाल्या. “हवा आहे आत. काढली नव्हती का?”

“काढली व्हती. वीट ठेवून.”

“वीट ठेवून?”

“दुसरं माणूस नव्हतं, मॅडम.”

“अहो मामा, विटेला कळतं का कधी दाबायचं आणि कधी सोडायचं? दीडच्या आत नीट करून आणा, मी बघते. नाहीतर पुढची तारीख.”

पुढची तारीख म्हणजे भंगार. बिभीषणनं गाडी माळाच्या कडेला, लिंबाखाली घेतली. पाना, नळी, ब्रेक ऑइलची बाटली, सगळं त्याच्यापाशी होतं. तेवढा एक पाय हवा होता, तासभरासाठी. आत्ता बारा वाजत आले होते.

रिक्षावाल्याची पासिंग झाली होती, तो पेढे वाटत होता. बिभीषणला पाहून त्यानं लांबूनच हात जोडले. व्हॅनवाला म्हणाला, “मामा, राग मानू नका, माझ्या गाडीत लेकरं बसतात. उद्या एखाद्याच्या आईला कळलं तर माझी गाडी बंद.” टेबल मांडून फॉर्म भरणारा कडूबा एजंट तर हसूनच म्हणाला, “आत्तापासून कशाला बसवता? येतोच की एक दिवस. तवा फुकट न्या.”

बिभीषण परत गाडीपाशी आला आणि उगाच पाना पुसत उभा राहिला.

लिंबाच्या पलीकडं एक पिकअप उभी होती. हौद्याला मेंढरांसाठी उंच जाळी बांधलेली, लेंड्यांचा वास येत होता. सावलीला साठीची एक बाई बसली होती. कपाळाला भंडारा, पायांत जाड वहाणा. ती मघापासून सगळं बघत होती.

“काय पायजे रं दादा? मघाधरनं हिंडतुयास.”

“ब्रेक दाबायला माणूस पायजे, आक्का.”

“नुसता दाबायचा?”

“दाब म्हणलं की दाबायचा, सोड म्हणलं की सोडायचा.”

“मग मी दाबते की. आमचं हे कागदं घेऊन खिडकीला गेल्यात, त्यांचं काय लवकर होत नाय.” ती गुडघ्यावर हात देऊन उठली.

“आक्का, ही मयताची गाडी हाय.”

“दिसतंय मला. आंधळी न्हाय मी.” तिनं वहाणा काढल्या, देवळात शिरावं तशा बाजूला ठेवल्या आणि दांडीला धरून वर चढली. स्टिअरिंगपाशी बसून तिनं इकडं तिकडं पाहिलं. “लई स्वच्छ ठेवलीस रं. आमच्या गाडीत तर बसवत नाय वासानं. कंचा दाबू?”

“मधला.”

बिभीषण पाठीवर सरकत चाकाखाली गेला. नळीचं एक टोक स्क्रूला लावलं, दुसरं एका रिकाम्या बाटलीत सोडलं. “दाबा... सोडा. दाबा... सोडा. आता दाबून धरा!”

“धरला!”

त्यानं स्क्रू सैल केला. नळीतून तेल आलं, फसफसत, बुडबुड्यांनी भरलेलं. स्क्रू आवळला. “सोडा!”

“सोडला. हे तर चुलीला फुंकर घातल्यासारखं हाय. तुझं नाव काय?”

“बिभीषण. दाबा.”

“मी बानाबाई. पाचोडकडच्या आमी. बिभीषणा, घरी कोण हाय?”

“कुणी नाय. सोडा.”

“मग भाकरी कोण करतं?”

“मीच. जाड व्हती.”

“पाणी कोमट घेत जा पीठ मळाया. आन् लगेच थापायची, ठिवून नाय द्यायची.”

तो खाली तेलानं माखलेल्या हातांनी पाना धरून होता आणि वरून तिचं बोलणं येत होतं. मेंढरं आता कुठं चारायची, जिथं तिथं तारेची कुंपणं झालीत, हे तिनं सांगितलं. नवरा, मल्हारराव, झोपेतही मेंढरं हाकतो, हेही सांगितलं. मध्येच विचारलं, “मैताला नेताना तू काय बोलतोस का रं?” बिभीषण म्हणाला, “खड्डा आला की म्हणतो, आता जरा दणका बसंल.” ती म्हणाली, “बरं करतोस.”

सातव्या-आठव्या खेपेला नळीतून तेल सरळ, नितळ आलं. एकही बुडबुडा नाही. हवा निघाली होती. आता स्क्रू आवळायचा, पाना खिशात घालायचा आणि गाडी मॅडमपुढं उभी करायची. साडेबारा झाले होते.

“झालं का?” बानाबाईनं वरून विचारलं.

बिभीषणनं नळीकडं पाहिलं.

“अजून हाय थोडी,” तो म्हणाला. “दाबा.”

तिनं दाबला. थोरल्या सुनेचं सांगायला लागली. तेल नितळ आलं. “दाबा,” तो म्हणाला. सुनेचं झालं, मग एका कुत्र्याचं निघालं, ते लांडग्याच्या मागं गेलं आणि तीन दिवसांनी परत आलं. बिभीषण खाली मातीवर पडून ऐकत होता. मध्येच “मग?” म्हणत होता आणि “दाबा, सोडा” म्हणत होता. असं अजून किती वेळा झालं, ते त्यानं मोजलं नाही, आणि नळीकडंही पाहिलं नाही.

“ए बाने!” कुणीतरी ओरडलं. पिकअपपाशी पागोटंवाला म्हातारा कागद हलवत उभा होता. “तिथं कुठं जाऊन बसलीस? उतर आधी!”

“आले, आले! ब्रेक दाबतीय ह्याचा!” ती हसत खाली उतरली, वहाणा घातल्या. “झालं ना रं?”

“झालं,” बिभीषण चाकाखालून बाहेर येत म्हणाला.

“ये की घरी पाचोडला कधी,” ती म्हणाली, आणि लगेच तिनं जीभ चावली. मयताच्या गाडीवाल्याला कुणी ये म्हणत नाही, आणि तोही कुणाच्या दारातून येतो म्हणून निघत नाही. “गाडी ठिवून ये,” तिनं शब्द सावरला. मल्हाररावानं तिला घाईनं आत बसवलं. पिकअप धुरळा उडवत निघून गेली.

बिभीषण गाडीत बसला आणि त्यानं ब्रेकवर पाय ठेवला. पाय थेट तळाला गेला.

त्यानं परत दाबला. पाय परत तळाला. तो उठला, बॉनेट उघडलं, तेलाच्या डब्याचं झाकण काढलं. डबा कोरडा होता. दर वेळी खाली तेल सोडलं की वर भरायचं असतं, हे ट्रकवरच्या पहिल्या वर्षी शिकलेला माणूस तो. वरून तेल संपलं आणि चारी चाकांच्या नळ्यांत हवा शिरली. मघा एकाच चाकात होती.

ब्रेक ऑइलच्या बाटलीत होतं ते तेल त्यानं ओतलं, पण चारी चाकांची हवा काढायला परत माणूस हवं होतं. माळावर नजर टाकली. रांग संपली होती. व्हॅनवाला गेला होता, कडूबा टेबल घडी करत होता. एक वाजून वीस मिनिटं झाली होती. तो चालतच मेघा मॅडमकडं गेला.

“झालं का मामा? आणा गाडी.”

“ब्रेकच लागत नाय, मॅडम. मधीच तेल संपलं, हवा शिरली.”

“संपलं म्हणजे? माणूस मिळालं होतं ना तुम्हाला? मी बघितलं, एक बाई बसल्या होत्या.”

“व्हय. मिळालं व्हतं.”

“मग?”

बिभीषण हातावरचं तेल पुसायला लागला. मॅडमनी मोबाइलवर ‘ब्रेक सदोष’ असं नोंदवलं आणि गाडी ढकलून भिंतीकडं लावून घ्यायला सांगितलं.

सत्यमनं फोनवर फार काही विचारलं नाही. “जाऊ द्या मामा. चावी तिथं कुणापाशी तरी ठेवा, भंगारवाला उचलून नेईल. बरंच झालं, तुम्ही पण सुटलात.”

चावी कडूबानं घेतली, पण हातात नाही, रुमालात. बिभीषणनं गाडीतून पाण्याची बाटली आणि पाना घेतला. पाना कशाला घेतला, ते त्यालाही कळलं नाही. हायवेवर एक काळी-पिवळी जीप मिळाली, पैठण रोडच्या नाक्यापर्यंत, आणि तिथं दुसरी, बिडकीनची. ती खच्चून भरलेली होती. “सरका, सरका, एक माणूस हाय!” ड्रायव्हर ओरडला. दोन माणसांच्या मध्ये त्याला जागा झाली. दोन्ही बाजूंनी खांदे लागले. डावीकडच्या माणसानं पिशवी मांडीवर घेत विचारलं, “कुठं, बिडकीनला का?” बिभीषणनं मान हलवली. हा कोण, हे कुणाला माहीत नव्हतं.

गाडी चितेगावच्या पुढं गेली तेव्हा खिशात फोन थरथरला. गावातल्या आप्पासाहेबांचा नातू सार्थक होता.

“मामा, आप्पा गेले. पाच वाजता काढायचं ठरलंय. भागूबाई घेऊन या.”

“गाडी नाय रं, सार्थक,” बिभीषण हळू म्हणाला. शेजारचे ऐकत होते. “तिची पासिंग नाय झाली. बंद झाली ती.”

“अरेरे. आता?”

“मी येतो की. गाडी नसली म्हणून काय झालं? वाटंतच हाय, अर्ध्या तासात पोचतो. काय लागंल ते करतो.”

पलीकडं कुणाशी तरी बोलणं झालं. मग सार्थक परत आला.

“नको मामा, तुम्ही कशाला तरास घेता? माणसं लई हायेत इथं. गाडीचीच अडचण होती. बघतो, शहरातून दुसरी मागवतो.”

फोन बंद झाला. ड्रायव्हरनं आरशातून पाहिलं आणि विचारलं, “मामा, कोण गेलं?”

“गावातलं हाय एक,” बिभीषण म्हणाला. त्यानं फोन खिशात ठेवला नाही. बिडकीन येईपर्यंत तो हातातच धरून बसला.