ट्रकवरचं तेवढं पुसा

दसऱ्याच्या सकाळी केसरीनाथच्या ट्रकला ब्रेक लागेना. घाट उतरताना त्याने बटण दाबलं, पुन्हा दाबलं, अंगठा पांढरा पडेपर्यंत दाबून धरलं. ट्रक आपला निवांतपणे दरीत उतरला. दुसऱ्या खेपेला स्टिअरिंग डावीकडे वळवलं, तर ट्रक उजवीकडच्या पेट्रोलपंपात शिरला. तिसऱ्या खेपेला तो भर हायवेवर स्वतःभोवतीच फिरायला लागला आणि काही केल्या थांबेना.

"चाचा, ट्रक को भांग पिलाई है क्या?" मागून कोणीतरी विचारलं आणि स्पर्धेसाठी जमलेली पॉवरलूमवरची सगळी पोरं हसली. रात्रपाळी संपवून, कानात आणि भुवयांत कापूस घेऊन ती थेट इथे आली होती.

ट्रक कॉम्प्युटरमधला होता आणि कॉम्प्युटर केसरीनाथ भोईरचा होता. मानकोलीची जमीन गोदामांना गेल्यावर भावकीतल्या कोणी ट्रेलर घेतले, कोणी बंगल्यावर सिंह बसवले. केसरीनाथने भिवंडीत एक गाळा घेतला, त्यात मशीन मांडली आणि वर पाटी लावली : 'राहीबाई गेम झोन'. राहीबाई म्हणजे त्याची आई. गेम म्हणजे काय, हे तिला ठाऊक नव्हतं. झोन म्हणजे काय, हे केसरीनाथलाही ठाऊक नव्हतं. पण धंदा बरा चालला होता.

"चाचा," पुढच्या पोराने पडद्याकडे बोट केलं, "पीछे कुछ लिखा है."

खरंच लिहिलं होतं. आपल्याकडे ट्रकच्या पाठीवर जिथे हॉर्न वाजवायची विनंती असते, मुलाबाळांची नावं असतात, तिथे लाल इंग्रजी अक्षरं उमटली होती. ट्रक गोल फिरत असल्यामुळे ती पुन्हा पुन्हा समोर येत होती आणि वाचायला सगळ्यांना पुरेसा वेळ मिळत होता.

"चोरी का माल है, लिखा है," पोराने वाचून दाखवलं.

कोपऱ्यात राहीबाई पूजेचं ताट मांडीवर घेऊन बसली होती. तिला इंग्रजी येत नव्हतं, पण भिवंडीत जन्म काढलेल्या माणसाला एवढी हिंदी येते. तिने पदर ओढून ताट झाकलं.

"काय लिवलाय रे?" तरी तिने विचारलं.

"जाहिरात हाय, आये," केसरीनाथ म्हणाला आणि त्याने मशीनची पिनच काढली.

इथे मागचं थोडं सांगायला हवं. श्रावणात त्या गल्लीत पोलिसांची धाड पडली होती. नकली सीडींची होती आणि नकली सीडी गल्लीत सगळ्यांकडे होत्या, कारण दुसऱ्या प्रकारची सीडी असते हे भिवंडीत कोणी पाहिलेलं नव्हतं. केसरीनाथला चौकीच्या बाकावर बसवलं. मांडीवर त्याच्याच सीडींची पिशवी दिली होती; कोणाचा माल कोणता हे कळावं म्हणून असेल. त्याला सोडवायला राहीबाई आली. तिने बाकाकडे पाहिलं, पिशवीकडे पाहिलं. दारात चपला काढताना एवढंच म्हणाली, "घरान चोरीचा माल नको." आणि तेव्हापासून तिने दुकानात पाऊल टाकलं नाही. तिच्याच नावाच्या दुकानात.

म्हणून केसरीनाथ मुंबईला गेला आणि असली, म्हणजे खरीखुरी गेम घेऊन आला. दुकानदाराने त्याला दोनदा विचारलं होतं, ओरिजिनलच हवी ना म्हणून. डबा भिवंडीत आला तेव्हा गल्ली बघायला लोटली. लोकांनी तो हातात घेऊन वजन केलं, आतल्या तबकडीचा वास घेतला. तबकडीवर इंग्रजीत छापलं होतं की हा खरा माल आहे. समोरच्या गाळ्यातला, अंबाडी गावचा विपुल, ज्याच्याकडे हीच गेम फुकट मिळवून चालू होती, तोही आला आणि प्रदर्शनात यावं तसा हात मागे बांधून बघून गेला.

घटस्थापनेला राहीबाई दुकानात आली. तिच्या हातून मशीनला हळदकुंकू लागलं, तिच्याच बोटाने बटण दाबलं गेलं आणि गेम सुरू झाली. केसरीनाथने त्या दिवशी चौकीचा बाक मनातून उचलून बाहेर टाकला. दसऱ्याला स्पर्धा ठेवली. गल्लीत बोर्ड लावला : 'भिवंडीत प्रथमच असली गेमवर'.

आणि आता दसरा उजाडला होता.

पोरं उठून जायच्या आत फोन करून घ्यावा म्हणून त्याने डब्यावरचा नंबर लावला. बराच वेळ सनई वाजली, मग एक मुलगी बोलली. तिने आपलं नाव मेघाली सांगितलं आणि आवाजावरून ती इकडचीच वाटली, म्हणून केसरीनाथला धीर आला. त्याने सगळं सांगितलं. तिने मध्ये मध्ये "हो सर" म्हटलं. मग तिने डब्यातला कोड विचारून घेतला आणि थोडा वेळ टकटक ऐकू आली.

"सर, ही प्रत तुम्ही खूप वेगवेगळ्या कॉम्प्युटरवर चालवली आहे."

"ही गेम एकाच मशीनवर हाय, मॅडम. ही माझ्या समोर हाय."

"सर, सिस्टीमला वेगवेगळी दिसतायत."

"मग सिस्टीमला चष्मा लावा की."

मेघाली हसली नाही. हसण्याची परवानगी नसावी. तिने सांगितलं की एक डबा घेऊन दहा जणांना वाटणारे लोक असतात, म्हणून कंपनी असं लक्ष ठेवते. त्याने डब्याचा, तबकडीचा आणि पावतीचा फोटो पाठवावा, त्याची तपासणी होईल, तोपर्यंत प्रत आहे त्या अवस्थेत राहील. या सगळ्यात तिने त्याला इतक्यांदा सर म्हटलं, की चोराला एवढा मान याआधी कुठे मिळाला असेल असं वाटत नाही. शेवटी तिने विचारलं, आणखी काही मदत करू का?



"एक करा, मॅडम. ट्रकवरचं तेवढं पुसा. ट्रक न्हाय चालला तरी चालंल."

मग मेघाली हळू आवाजात म्हणाली, "ते माझ्या हातात नाही, काका." त्या फोनवर ती एकदाच काका म्हणाली.

तोवर स्पर्धक उठून समोर विपुलकडे गेले होते. केसरीनाथ दारात येऊन बघत राहिला. विपुलच्या पडद्यावर तीच गेम, तोच घाट, तोच ट्रक होता. ब्रेक लागत होता. स्टिअरिंग म्हटलं तिकडे वळत होतं. आणि त्या चोरीच्या ट्रकच्या पाठीवर काही म्हणजे काही लिहिलेलं नव्हतं. पाठ धुतल्यासारखी स्वच्छ होती.

विपुल वाईट मुलगा नव्हता. गर्दी आपल्याकडे वळली याचा त्याला आनंद झाला होता आणि आनंद झाला याची थोडी लाजही वाटली होती. तो दोन चहा घेऊन आला, केसरीनाथच्या मशीनसमोर बसला आणि चहा निवायच्या आत त्याला दुखणं सापडलं.

या गेमच्या दारात एक दरवान बसवलेला असतो. पोरं त्याला लाँचर म्हणतात. गेम सुरू करताना तो आधी उठतो, मशीनचा चेहरा बघतो आणि इंटरनेटवरून दूर देशी मालकाला विचारतो, याला आत सोडू का? पहिल्यांदा भेटतो तेव्हा कोड मागतो आणि ओळखीची एक खूण मशीनमध्ये ठेवून जातो. ती खूण दिसली की पुढे विचारत नाही. चार-पाच अनोळखी मशीनवर एकच कोड दिसला, की तो काय समजायचं ते समजतो. दार बंद केलं तर चोर दुसरं दार शोधतो, म्हणून तो चोराला आत घेतो आणि मग ब्रेक काढून टाकतो.

आता केसरीनाथची मशीन. लूमवरची पोरं पेनड्राइव्हमधून नाना रोग आणत, म्हणून विपुलनेच त्याला सगळी मशीन गोठवून दिली होती. मशीनवर दिवसभर काहीही करा. बंद करून पुन्हा चालू केली, की ती गोठवल्या दिवशी होती तशीच उठते. रोज नवा जन्म. नवीन काही भरायचं तर आधी गोठवण सोडायची, भरायचं, पुन्हा गोठवायचं. केसरीनाथने घटस्थापनेच्या आदल्या दिवशी तसंच केलं. गेम भरली. पण उघडली नाही. पहिल्यांदा ती आईच्या हातून उघडायची होती, मुहूर्तावर. कोरी गेम भरून, कोरीच ठेवून, त्याने मशीन गोठवली आणि नमस्कार करून घरी गेला.

तेव्हापासून दरवान मशीनमध्ये खूण ठेवून जात होता आणि वीज गेली की मशीन ती खूण विसरत होती. भिवंडीत वीज किती वेळा जाते हे काही त्या दूर देशच्या मालकाला ठाऊक नव्हतं. केसरीनाथला कोड तोंडपाठ झाला होता. दर वेळी विचारतात ही असलीची शिस्त असणार, असंच तो समजत होता. कोड टाकताना तो चप्पलही बाजूला काढून ठेवी.

"म्हणजे आयेच्या हातचा मुहूर्त भोवला," केसरीनाथ म्हणाला.

"मुहूर्त न्हाय, काका, गोठवण भोवली. आता एक सांगू? पाच मिनिटांचं काम हाय. माझ्याकडं जे हाय तेच तुमच्यात टाकतो. त्यात दरवानच न्हाय. ना विचारणार, ना ब्रेक काढणार."

"म्हणजे माझाच माल मी चोरू?"

"तुमचाच हाय, म्हणून तर पाप लागणार न्हाय."

केसरीनाथने चहा संपवला. वाद घालण्यासारखं विपुलच्या बोलण्यात काही नव्हतं आणि त्याचाच त्याला संताप आला. पैसे मोजून आणलेल्याची दररोज झडती आणि उचलून आणलेल्याला कोणी नावही विचारत नाही. त्याने विपुलचा कप विपुलच्या हातात दिला आणि सांगितलं, नको. मग शटर ओढलं, कारण राहीबाईला मानकोलीला न्यायचं होतं.

दर दसऱ्याला ती शेतातल्या देवाला नारळ द्यायची. देव म्हणजे शेंदूर लावलेला हातभर दगड. सासऱ्याच्या आधीपासून तो बांधावर होता. बांध गेला, शेत गेलं, दगड मात्र गोदामाच्या कंपाउंडमध्ये, ट्रेलर वळतात तिथे भिंतीला टेकून राहिला. जमीन देताना नारळाची परवानगी तोंडी ठरली होती. तोंडी ठरवणारे साहेब बदलले. गेटवरची एजन्सी तर जवळजवळ वर्षाला बदलायची आणि प्रत्येक नवा माणूस राहीबाईला नव्याने विचारायचा, तू कोण? ती नव्याने सांगायची.

यंदा गेटवर कॉम्प्युटर बसला होता. त्याच्यामागे गणवेशातला एक माणूस होता. दिघाशीचा अनंता, कुणबी घरातला. त्याच्या स्वतःच्या बांधावर असाच देव असणार, कारण त्याने पिशवीतला नारळ पाहिला आणि आधी टोपी काढली. मग पुन्हा घातली.

"मावशी, मना समजतं. पर याच्यात नाव टाकल्याबिगर गेट उघडत न्हाय," तो म्हणाला. "आन आत जानारा कोन, ते यालाच सांगाया लागतं. ड्रायव्हर, हमाल, न्हायतर माल इकनारा. यातला एक." त्याने आवाज उतरवला. "मी माल इकनारा टाकतो. तुमी गुपचूप जाऊन या."

केसरीनाथ पुढे झाला. सकाळपासून साठलेलं सगळं त्याच्या जिभेवर आलं होतं आणि अनंताच्या कॉम्प्युटरलाही ते ऐकवायची त्याची तयारी होती. राहीबाईने त्याच्या दंडाला हात लावला.

"मी काय इकाया न्हाय आले, बाबा," ती अनंताला म्हणाली. "एकदा इकला, तेवडा पुरे."

तिने गेटासमोर डांबरावर पाणी शिंपडलं, गेटाच्या लोखंडी चाकावर नारळ फोडला, आतल्या भिंतीच्या दिशेने हात जोडले. दगड तिथून दिसत नव्हता. एक ट्रेलर हॉर्न देत आला. गेट उघडलं, ट्रेलर ओल्या डांबरावरून आत गेला, त्याचं नाव कॉम्प्युटरात आधीच होतं, त्याला कोणी काही विचारलं नाही. खोबऱ्याचा पहिला तुकडा राहीबाईने अनंताच्या हातावर ठेवला. त्याने तो गणवेशाच्या खिशात न टाकता तिथेच उभ्याने खाल्ला.

कंपाउंडच्या बाहेरून भिंत आणि रस्ता यांच्यामध्ये चिंचोळी पट्टी उरली होती. मोजणीत ती कोणाचीच निघाली नाही, म्हणून राहीबाईने तिथे माठ आणि मुळा लावला होता. परतताना ती तिथे थांबली. साळुंक्यांनी कोवळा माठ टोचून ठेवला होता.

"ती तुजी तबकडी," ती म्हणाली. "चालत न्हाय ना आता?"

"न्हाय."

"विपुल चालवून देत व्हता, बोलला मना. तू नको बोललास." तिने त्याच्याकडे पाहिलं नाही, वाकून माठाचं एक पान सरळ केलं. "मग दे ती इकडं, पाखरांना व्हईल."

डबा त्याच्या पिशवीतच होता. सकाळपासून तो जवळून हलवला नव्हता. केसरीनाथने तबकडी काढली, कुंपणाची तार सोडवून घेतली, मधल्या भोकातून ओवली आणि तिथल्या बांबूला बांधायला लागला.

"तिच्यावर काय लिवलाय?" राहीबाईने विचारलं. "जाहिरात?"

"न्हाय, आये. खरा माल हाय, असं लिवलंय."

"मग ती बाजू गेटाकडं कर."

त्याने तशी बांधली. पण खाडीवरचा वारा सुटला होता आणि तबकडी एका बाजूला राहीना. अक्षरं गेटाकडे जात, मग कोरी बाजू येत असे आणि उतरत्या उन्हाचा एक पांढरा झोत भिंतीवरून सरकत थेट गेटवरच्या केबिनच्या काचेवर पडे. साळुंक्या उठल्या आणि रस्त्यापलीकडे गेल्या. केबिनमध्ये अनंताने टोपी डोळ्यांवर ओढून घेतली. तो उठून बाहेर आला नाही, की काढा म्हणालाही नाही.