मान्य नमुना, धुळीपासून दूर ठेवावा

पुतळाबाईंना मी एकोणिसाव्या शतकात पाठवलं ते त्यांच्या फुप्फुसांसाठी. हे आधीच सांगून ठेवतो, कारण पुढे माझी बाजू घ्यायला फारसं कोणी उरत नाही.

आमची कंपनी गलोंड्याला, जुन्या पोर्तुगीज मुलखात, बाटल्यांची झाकणं बनवते. मी नाशिकचा, क्वालिटीत. वाकडं झाकण हुडकून नापास करायचं हे माझं काम. घरी आई हेच काम माझ्यावर करायची, त्यामुळे पद्धत माहीत होती. नापास झाकणं ग्राइंडरच्या खोलीत जातात आणि तिथे त्यांचा चुरा होतो. खोलीला एकच खिडकी, तीही रंग देताना चिकटून बसलेली. शेजारच्या किलवणी गावच्या पुतळाबाई ठेकेदाराकडून सहा वर्षं त्या खोलीत होत्या. शिफ्ट सुटली की डोक्यापासून पायापर्यंत पांढऱ्या. खोकला असा, की गेटवरचा योगेश आवाजावरून शिफ्ट सुटल्याचं ओळखायचा. धूळ ओढणारा पंखा बसवा म्हणून मी तीन अर्ज दिले. तिन्ही ‘पुढच्या वर्षीच्या यादीत’ गेले. तीन वेगवेगळ्या वर्षी.

मग लिस्बनचं गिऱ्हाईक येणार असं ठरलं. आमचे जनरल मॅनेजर चंद्रकांत सर पुण्याचे. त्यांनी इंटरनेटवरून एक चित्र शोधून काढलं. पोर्तुगीज अमलातल्या कुणा अधिकाऱ्याने दीडशे वर्षांपूर्वी इथेच आसपास काढलेलं. जात्यावर बसलेली बाई, कुडाची भिंत, एक कोंबडी. खाली ‘दळणारी बाई’ एवढंच. अधिकाऱ्याची सही मात्र कोंबडीपेक्षा मोठी.

“रिसेप्शनमध्ये हे जसंच्या तसं उभं करायचं,” सर म्हणाले. “एकोणिसाव्या शतकातलं रोजचं जीवन. जिवंत! त्यांना आपलेपणा वाटेल.”

“सर, राज्य केलं त्यांनी आपल्यावर.”

“अरे म्हणूनच. ओळखीचं वाटेल.”

बाई म्हणून मी पुतळाबाईंचं नाव सुचवलं. निदान एक दिवस तरी एसीत बसतील.

त्यांनी चित्र चष्मा लावून पाहिलं, मग काढून पाहिलं. “ही दळत नाय,” त्या म्हणाल्या.

“मावशी, हात आहे की खुंट्यावर.”

“गुडघा बघ कुठं घातलाय. असं बसलं तर जातं फिरंल का? त्यानं बसवलीय हिला. हालू नको म्हणला असंल.” चष्मा परत लावून म्हणाल्या, “ही दिवसभर अशी बसली, तर घरचं दळण कोणी केलं?”

“कोंबडीनं केलं असेल.”

त्या हसल्या आणि खोकल्या. हल्ली दोन्ही एकदमच यायचं.

पाहुण्यांच्या दिवशी पुतळाबाई चित्राबरहुकूम बसल्या. चष्मा काढून घेतला, कारण चित्रात नव्हता. कोंबडी मिळाली ती प्लॅस्टिकची. लिस्बनच्या मुख्य बाई समोर येऊन उभ्या राहिल्या आणि त्यांचे डोळे भरून आले. आजवर आमच्या झाकणांनी कुणाला रडवलं नव्हतं.

तेवढ्यात मला ती बुद्धी सुचली. आमच्याकडे रीत अशी: गिऱ्हाइकाने एक झाकण पसंत केलं की त्यावर सही घ्यायची, बिल्ला लावायचा, आणि ते झालं ‘मान्य नमुना’. त्यात गिऱ्हाइकाच्या सहीशिवाय काडीचा बदल करायचा नाही. आणि नियम क्रमांक चार: मान्य नमुना धुळीच्या जागी ठेवायचा नाही, प्लांटमध्ये तर मुळीच नाही. मी नमुन्याचा फॉर्म पुढे केला. बाईंनी डोळे पुसत सही केली.

“माणसाला बिल्ला?” एचआरच्या मीनाक्षी मॅडम म्हणाल्या. “वेडा झालास का हृषीकेश?”

मी नियम चार दाखवला. त्यांनी तो दोनदा वाचला आणि हजेरीचं रजिस्टर उघडलं. आमच्याकडे माणसाशी कोणीही भांडेल, छापील नियमाशी नाही. हजेरीत कायमची नोंद झाली. विभाग: एकोणिसावं शतक. शिफ्ट: जनरल.

“माझं नाव कुठाय ह्याच्यावर?” पदराला बिल्ला लावताना पुतळाबाईंनी विचारलं.

“नमुन्याला नाव नसतं मावशी. नंबर असतो. तुम्ही आर-एक.”

“ग्राइंडरला जायचं नाय ना?”

“नाही.”

“मग लाव.”

तीन आठवड्यांत खोकला निम्म्यावर आला. योगेशला भिंतीवरचं घड्याळ बघायची सवय लावावी लागली. मी स्वतःवर इतका खूश होतो की घरी फोन करून आईला सांगितलं. ती म्हणाली, “आणि त्यांच्या जागी कोण?” मी म्हटलं, “ते ठेकेदाराचं काम.” हे उत्तर तेव्हा मला बरोबर वाटलं होतं.

लिस्बनचे लोक दुसऱ्यांदा आले, या वेळी पाच जण. चंद्रकांत सर त्यांना जात्याविषयी सांगत होते, म्हणजे अर्थातच चुकीचं सांगत होते. तेवढ्यात काचेपलीकडून धुळीने पांढरी झालेली एक मुलगी तोंडाला ओढणी बांधून पाण्याच्या कूलरकडे गेली. पुतळाबाईंना चष्म्याशिवाय पाहुण्यांचं नाकही दिसत नव्हतं. पण पोटच्या पोरीची चाल ओळखायला चष्मा लागत नाही.

त्या उठल्या.

सोनी, कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला. घरातून वह्या घेऊन निघायची आणि ग्राइंडरला यायची. ठेकेदाराने तिलाच गाठलं होतं, कारण घर तेच, कागद तेच, नवा गेटपास नको. हे सगळं मला नंतर कळलं. त्या क्षणी मी फक्त पाहत होतो की माझा मान्य नमुना बिल्ल्यासकट प्लांटमध्ये चालला आहे. पाहुण्यांना वाटलं, हा पुढचा भाग. ते टाळ्या वाजवत मागे निघाले. त्यांच्यामागे सर, सरांच्या मागे मी. हातात कोंबडी का होती, ते मला सांगता येणार नाही.

पुतळाबाईंनी ग्राइंडरचं लाल बटण दाबलं. एवढी शांतता त्या खोलीत कधी झाली नसेल.

“ऊठ. बाहेर हो.”

“आई, तू जा. तिथं एसी आहे.”

“तुझा एसी घाल चुलीत! कॉलेजला जाते म्हणून सांगितलंस ना मला?”

“तुला रात्रीचं झोपता येत नव्हतं. आता येतं. मग?”

“मला आता किती झोपायचंय? तुझं काय वय हाय का पांढरं व्हायचं?”

“मी नाय उठणार.”

“नाय उठणार? बघतेच कशी उठत नाय!”

आणि त्या तिच्या शेजारी धुळीतच बसल्या. दोघींना एकदमच खोकला आला.

लिस्बनच्या बाईंनी सरांना काहीतरी विचारलं. सर माझ्याकडे वळले. “त्या विचारतायत, हे कधीच्या काळातलं. सांग काहीतरी, तुला सुचतं ना नेहमी.”

मला सुचलं नाही. मी इंग्रजीत खरं ते सांगितलं: ही आई, ही मुलगी, इथे कोणी बसायचं यावर भांडण चाललंय. बाईंचे डोळे पुन्हा भरून आले. त्यांनी फोटो काढला. ऑर्डर दुप्पट झाली.

पंख्याचा चौथा अर्ज मी त्याच संध्याकाळी दिला. चंद्रकांत सर म्हणाले, “देऊ ना. यादीत टाक.”

भांडण मायलेकींनी आपसात मिटवलं. दुसऱ्या दिवशी सकाळी दोघी माझ्या टेबलापाशी आल्या. सोनी रडून आलेली. पुतळाबाईंनी बिल्ला काढून टेबलावर ठेवला.

“हिला लाव.”

“मावशी, तुम्ही परत तिकडे गेलात तर...”

“तुझा नियम एकालाच वाचवतो ना? मग हिला वाचवू दे. तिथं बसून अभ्यास कर म्हणावं, पाहुणे आले की पुस्तक जात्यामागं टाक.”

मी बदलाचा फॉर्म भरला. कारणाच्या रकान्यात लिहिलं: ‘मूळ चित्राशी अधिक जुळते.’ ते खोटंही नव्हतं. चित्रातली बाई असेल वीसेक वर्षांची. लिस्बनच्या बाईंची सही दहा मिनिटांत फोनवर आली, सोबत एक लाल बदाम.

दुपारी मी ग्राइंडरच्या खोलीत गेलो. पुतळाबाईंनी मशीन थांबवलं.

“ती बसली का नीट?”

“बसली.”

“धूळ नाय ना तिथं?”

“नाही.”

त्यांना खोकल्याची मोठी उबळ आली. मी पाण्याची बाटली धरून उभा होतो. उबळ थांबल्यावर त्यांनी दोन घोट घेतले, झाकण लावून बाटली मला परत दिली आणि मशीन सुरू केलं.